अस्तर, आंकल आणि आमचं चेकिंगचं टेबल

आमच्या गाळ्यात टेबलाखाली कतरण साचते. कुणी मुद्दाम टाकत नाही, कुणाचं लक्षही नसतं, पण संध्याकाळी झाडू मारला की गोणी भरते. किस्स्यांचं अगदी तसंच आहे. दिवसभर हात चालू, हातांबरोबर तोंडं चालू, आणि एक दिवस मागे वळून बघावं तर ही एवढी रास! म्हटलं, बाकीची कतरण भंगारवाला नेतो, ही तरी आपण ठेवू. मला काम करता करता बोलायची सवय आहे, त्यामुळे लिहितानाही बोलल्यासारखंच होईल. सांभाळून घ्या.

आमचा गाळा वसईजवळ सातिवलीला. तिथे लेडीज पर्स बनतात. बाहेरून रेक्झिन, आतून अस्तर. पर्स आधी उलटी शिवायची आणि अस्तराच्या तळाला चार बोटं जाईल एवढं तोंड उघडं ठेवायचं. त्या तोंडातून अख्खी पर्स बाहेर ओढली की ती सुलटी होते. मग ते तोंड बारीक टाक्यांनी बंद करायचं. तुमच्या पर्सचं अस्तर बाहेर काढून बघा, तळाला ती शिवण सापडेल.

आमच्या टेबलावर तिघी. फिलूआंटी अस्तर कापते आणि शिवते. ती इथल्याच जुन्या गावातली, ख्रिश्चन. घरी तिची बोली वेगळीच, आमच्याशी मात्र अगदी शाळेतली मराठी बोलते. कुंदा पाचूबंदरची, कोळ्यांची सून. पर्स उलटवणं आणि तोंड बंद करणं तिचं काम. जाळी दुरुस्त करून बोटं अशी तयार झालीत की तिचा टाका शोधावा लागतो. आणि मी अश्विनी, चेकर. पीस बरोबर असला तर पास, दुरुस्तीला परत पाठवायचा असला तर आल्टर. सातवी शिकलेली. पण मला चेकिंगला बसवलं ते शिक्षणामुळे नाही, स्वभावामुळे! घरी मी कुलूप लावून ओढून बघते, आणि अर्ध्या रस्त्यातून परत येऊन पुन्हा ओढून बघते. आमचा सुपरवायझर मनोज गाळ्याच्या शेठला म्हणाला, "इसको चेकिंग दे दो. इसको नींद में भी डाउट आता है!"

*

मोबाईलचा किस्सा आधी सांगते, कारण पुढे तो लागणार आहे.

माल पॅक झालेला, टेम्पो दाराशी उभा. आणि खोक्यातून येशूचं भजन ऐकू यायला लागलं! फिलूआंटीने छातीवर क्रूस काढला. मग म्हणाली, "अरे देवा, ही तर माझी रिंग!"

मनोजने कपाळावर हात मारला. खोकी उघडली. एकेका पर्सची चेन उघडून हात घालून पाहिला. मोबाईल नाही! भजन मात्र चालूच. मी एकेक पर्स अंगठ्याने दाबत सुटले, चेकिंगला दाबतो तशी. एका पर्सच्या तळाला कडक लागलं. मोबाईल पर्समध्ये नव्हताच, रेक्झिन आणि अस्तराच्या मधल्या पोकळीत होता! उलटवताना उघड्या तोंडातून आत घसरला, आणि कुंदाने त्यावर तिचे ते सुप्रसिद्ध न दिसणारे टाके घातले.

मनोज ओरडला, "अब खोलो!"

कुंदा ढिम्म. पर्स उचलली, अस्तराला तोंड लावलं आणि म्हणाली, "आंटी बाहेर गेलीय. नंतर करा!"

*

आता जरा मनातलं सांगते.

माझं लग्न झालं आणि दोन वेळा राहिलं. दोन्ही वेळा पट्टीवर दोन रेषा आल्या, आणि दोन्ही वेळा, अजून कुणाला सांगायचं की नाही हे ठरत होतं तोवर सगळं वाहून गेलं. बाईला हे कुणी विचारत नाही की तुला काय वाटलं. सगळे विचारतात, तू काय केलंस?

सासूबाईंनी पहिल्या वेळेला शोधून काढलं की मी पपई खाल्ली होती. दुसऱ्या वेळेला पपईकडे बघितलंही नव्हतं, तर म्हणाल्या, "चिंचोटीच्या धबधब्यावर कोण गेलं होतं?"

मी म्हटलं, "आई, आम्ही सगळेच गेलो होतो. तुम्ही पण होता."

"मी गेले तर काय बिघडलं? मला कुठे दिवस होते!"

त्या दिवशी मी ठरवलं. रडून झालं होतं, आता रडायचं नाही. पीस रिजेक्ट झाला की आम्ही तो नुसता फेकत नाही, कुठे चुकला ते बघतो. मग माझ्याच पोटाचं मला कुणी का सांगू नये? मला कळल्याशिवाय मी तिसऱ्यांदा त्या वाटेने जाणार नव्हते.

*

डॉक्टर मॅडमचा दवाखाना होळी बाजाराच्या पुढे, वसई गावात. मी समोर बसले आणि म्हटलं, "मॅडम, गोळ्या नंतर लिहा. आधी मला सांगा, बाळ आत चिकटतं कसं?"

मॅडमनी पेन खाली ठेवलं. "किती शिकलाय?"

"सातवी. पण अस्तराचं काम करते."

त्या हसल्या आणि कागद उलटा करून त्यावर चित्र काढलं. म्हणाल्या, सुरुवातीला बाळ म्हणजे पेशींचा एक पोकळ चेंडू. त्यातलं बाळ होणार आतल्या छोट्याशा झुबक्यातून. चेंडूचं बाहेरचं आवरण आहे ना, त्यातून पुढे वार, म्हणजे प्लॅसेंटा, तयार होते. हा चेंडू गर्भाशयाच्या अस्तराला टेकला की त्या आवरणाचे दोन पदर होतात. आतल्या पदरात प्रत्येक पेशी आपापल्या भिंतीत, सुटी. ती वाढते, एकीच्या दोन होते. बाहेरच्या पदरात मात्र भिंती विरघळून जातात, सगळ्या पेशी एकमेकींत मिसळून एकच सलग थर बनतो. हाच पदर अस्तरात वाट काढत आत शिरतो.

मी विचारलं, "मग बाहेरच्या पदरातल्या पेशी वाढत नाहीत?"

"स्वतःहून नाही. आतल्या पदरातल्या पेशी वाढतात आणि त्याच बाहेर जाऊन त्याला मिळतात."

"म्हणजे आत कटिंग चालू राहिलं तरच बाहेर शिलाईची लाईन चालणार!"

मॅडम म्हणाल्या, "अगदी तसं. आता मला तुमच्या गाळ्यात नोकरी मिळेल का?"

नावंही सांगितली. आतल्याचं सायटोट्रोफोब्लास्ट, बाहेरच्याचं सिन्सिशियोट्रोफोब्लास्ट. मी पुन्हा पुन्हा म्हणवून घेतली. मग जे विचारायला गेले होते ते विचारलं. "माझं कुठे चुकलं?"

मॅडमनी सरळ माझ्याकडे बघितलं. "तुमचं नाही चुकलं. इतक्या लवकर जातं तेव्हा बहुतेक वेळा बीजातली जोडणीच बिघडलेली असते. पपईने नाही, धबधब्याने नाही, गोणी उचलल्याने नाही. तरी दोनदा झालंय म्हणून आपण तुमच्या तपासण्या करू. आणि पुढच्या वेळी राहिलं की लगेच माझ्याकडे यायचं."

मी पायऱ्या उतरून खाली आले आणि मग रडले. ठरवलं होतं रडायचं नाही. पण हे रडणं वेगळं होतं.

*

दुसऱ्या दिवशी डब्याच्या सुट्टीत मी टेबलावर सगळं समजावून सांगितलं. फिलूआंटीने नावं ऐकली आणि घास हातातच ठेवला. "सायटो जाऊ दे. पण हा सिन्सिशियो म्हणजे आमच्या आळीतला कुणीतरी म्हातारा वाटतो. सिन्सिशियो आंकल! रविवारी चर्चमध्ये मिस्साला पहिल्या बाकावर बसणारा."

झालं! त्या दिवसापासून बाहेरच्या पदराचं नाव पडलं आंकल.

कुंदाला नुसतं ऐकून पटत नाही. तिने एक मोठं बटण कापडात गुंडाळलं, त्यावर दुसरं कापड, आणि अस्तराच्या तोंडाशी धरलं. "हा चेंडू. हे आतले सुटे. हे बाहेरचे आंकल. बरं, भिंती विरघळल्या म्हंजे कसं?"

फिलूआंटीने वर बोट दाखवलं. "हा काय! शेठने बाजूचा गाळा घेतला आणि मधली भिंत पाडली. आता कुठला पंखा कुणाचा, सांग बघू?"

"आंकल आत गेले, मग हलत नाय ते कसं?"

मी म्हटलं, "मॅडम म्हणाल्या, पुढे आतल्या पदरातल्या काही पेशी आंकलच्या पार जातात आणि आईच्या अस्तरात घट्ट रोवून बसतात."

कुंदाचे डोळे चमकले. "मंग असं सांग ना! नांगर टाकला!"

"आणि आईचं शरीर अस्तर काढून टाकणार असतं ना, महिन्याचं? ते थांबतं कसं? तर आंकल एक रस सोडतात. तो रक्तातून निरोप नेतो की आम्ही आत आहोत, अस्तर पाडू नका. पट्टीवरची दुसरी रेष म्हणजे तोच रस."

फिलूआंटी टाळी वाजवून म्हणाली, "माझा मोबाईल! आतून रिंग!"

एवढ्यात मागे मनोज. त्याने कुंदाच्या हातातलं बटण बघितलं, अस्तर बघितलं. "ये क्या चल रहा है?"

कुंदा मान वर न करता म्हणाली, "बच्चा बिठा रही हूँ."

मनोज गंभीरपणे वाकला, नीट न्याहाळलं आणि विचारलं, "कौनसा मॉडेल नंबर है?"

*

तपासण्या झाल्या, काही निघालं नाही. काही महिने गेले आणि एके सकाळी पट्टीवर दुसरी रेष आली. आली म्हणजे, मला वाटलं आली. एवढी फिकट की डोळे मिटून उघडले की नाहीशी! नवऱ्याला, महेशला दाखवली तर म्हणाला, "तू म्हणशील तसं." असला माणूस चेकिंगला काय उपयोगाचा?

मी पट्टी पिशवीत गुंडाळून गाळ्यात नेली. चेकिंगच्या टेबलावर आमची मोठी ट्यूब असते. तिच्याखाली रेक्झिनचा बारीकसा डाग पण सुटत नाही. तिघींनी डोकी जुळवली.

फिलूआंटीने चष्मा पुसला. "फिकट आहे. पण सरळ आहे."

कुंदा म्हणाली, "सुरवातीला शेड जरा हलका येतोच. हाय गो, लाईन हाय!"

मी म्हटलं, "शंका आहे मला."

"तुला कशाची शंका नाय?" कुंदाने माझा हात धरला. "सांग, आल्टर का पास?"

मी पट्टी आडवी धरून बघितली, उभी धरून बघितली. मग म्हटलं, "पास."

फिलूआंटी पुटपुटली, "आंकल पोचले!"

*

मॅडमनी सांगितलं, नेहमीचं काम करा, गोळ्या घ्या, स्कूटरच्या धक्क्याने काही सुटत नाही. मला पटलं. महेशला नाही पटलं. दवाखान्यातून येताना त्याने स्कूटर अशी चालवली की पायी चालणारे बघत होते. खड्डा दिसला की थांबायचा, विचार करायचा, मग वळसा घालायचा.

मी म्हटलं, "अहो, मॅडम काय म्हणाल्या?"

"मॅडमना रस्ता माहीत नाही."

होळी बाजारापाशी एक म्हातारी भाजीवाली डोक्यावर पाटी घेऊन चालली होती. वांगी, कोथिंबीर, वर केळीची पानं. ती आमच्या बरोबरीने चालली. मग पुढे गेली. मग थांबली, वळली आणि महेशला म्हणाली, "बाबा, बंद पडली काय? पाटी खाली ठेवते, धक्का देऊ?"

*

मग तो दिवस आला ज्याची मी वाटच बघत होते. तपकिरी डाग. थेंबभर.

महेशला फोन केला, रिक्षात बसले आणि सरळ दवाखान्यात. मागच्या दोन्ही वेळी मी घरी पडून राहिले होते आणि छताकडे बघत होते. या वेळी ठरवलेलं होतं, काय व्हायचं ते डोळ्यासमोर होऊ दे.

मॅडम म्हणाल्या, "चेंडू रुजताना अस्तरातल्या बारीक रक्तवाहिन्या उघडतात, त्याचा असेल. दुसरंही काही असू शकेल. मी खोटा धीर देणार नाही. आज रक्त तपासू, परवा पुन्हा तपासू. पट्टीवर दिसतो त्या रसाचा आकडा नीट वाढला तर चांगली खूण."

तो मधला दिवस कसा गेला ते विचारू नका. मी कामावर गेले. घरी बसले असते तर वेडी झाले असते. त्या दिवशी मी इतके पीस रिजेक्ट केले की मनोज म्हणाला, "आज क्या माल एक्सपोर्ट का है?" कुंदा त्याच्यावर अशी वळली की तो दिवसभर गाळ्याच्या दुसऱ्या टोकालाच राहिला.

दुसऱ्यांदा रक्त दिलं आणि रिपोर्टसाठी लॅबच्या बाकावर बसले. फोन वाजला. फिलूआंटी! मागे शिलाई मशीनचा आवाज नव्हता. म्हणजे मशीन बंद करून सगळ्या कान लावून होत्या.

"अश्विनी बाय, आला रिपोर्ट?"

तेवढ्यात काउंटरवरून नाव पुकारलं. मी कागद घेतला. आधीचा आकडा, आताचा आकडा. बोट ठेवून पुन्हा वाचला. फोन कानालाच होता. आंटीने शाळेतली मराठी सोडून हळूच विचारलं, "वाजतंय का गो आतून?"

मी म्हटलं, "आंटी, जोरात वाजतंय!"

फोनमधून जो आरडाओरडा आला तो लॅबमधल्या सगळ्यांनी ऐकला. काउंटरवरचा म्हणाला, "ताई, लॉटरी लागली का?"

*

डाग थांबला. पण माझी शंका कुठे थांबते?

कुंदाला मी सांगितलं होतं की चेंडू ज्या वाटेने अस्तरात शिरतो ते भोक नंतर बुजतं. आधी रक्ताची छोटीशी गुठळी बसते, मग वरून अस्तर धरतं. कुंदाने ते मनावर घेतलं. म्हणाली, "हिचं तोंड बंद होईस्तोवर आपल्या टेबलावर एक पन तोंड उघडं ठेवून घरी जायचं नाय!"

मी म्हटलं, "कुंदा, मॅडमच्या हिशोबाने माझं कधीच बंद झालंय."

"तू बघितलंस?"

नव्हतं बघितलं.

एरवी उलटवलेल्या पर्सचा ढीग संध्याकाळी तसाच राहायचा, तोंडं उद्या बंद करू म्हणून. आता कुंदा शेवटचा टाका घातल्याशिवाय उठेना. फिलूआंटीने तिकडे चर्चमध्ये नोव्हेना धरली, म्हणजे नऊ दिवसांची प्रार्थना. ती संपली की दुसरी. आणि घरी जाण्याआधी तीही सुई घेऊन कुंदाच्या शेजारी बसायची. मी एकेक तळ अंगठ्याने दाबायचे, सगळी तोंडं बंद आहेत ना म्हणून. मगच दिवा बंद.

एक दिवस शेठ आला. सगळ्या टेबलांवर अर्धवट ढीग, आमचं टेबल लखलखीत! मनोजच्या पाठीवर थाप मारून म्हणाला, "ये सिस्टम सब टेबल पे लगाओ."

शेठ गेल्यावर मनोज हळूच फिलूआंटीपाशी आला. "आंटी, ये सिस्टम का नाम क्या है?"

आंटीने सुईत दोरा ओवत सांगितलं, "नोव्हेना."

दुसऱ्या दिवशी गाळ्याच्या फळ्यावर मोठ्या अक्षरात लिहिलेलं होतं: आज से नोव्हेना सिस्टम चालू. सबको करना पडेगा.

*

सोनोग्राफीला सासूबाई हट्टाने बरोबर आल्या. "मला दाखवतील का?" म्हणून रिक्षात चारदा विचारलं. पडद्यावर राखाडी धुक्यात एक ठिपका लुकलुकत होता. मॅडम म्हणाल्या, "हे ठोके. आणि ही बाजूची जाडसर कड दिसते ना, इथे वार तयार होतेय."

म्हणजे आमचे आंकल! सासूबाईंनी पदर डोळ्याला लावला. मग एकदम विचारलं, "अस्तर कसंय?"

मॅडमनी माझ्याकडे बघितलं, मी छताकडे. मी घरी एवढं बोललेच नव्हते! महेशला समजावताना त्यांनी दाराआडून ऐकलं असणार.

मॅडम म्हणाल्या, "छान आहे."

घरी आल्यावर मी पाणी प्यायला आत गेले. बाहेर चाळीच्या बोळात शेजारच्या काकूंनी विचारलं, "काय म्हणाली डॉक्टर?"

धबधब्याचं नाव नाही, पपईचं नाव नाही. सासूबाई कमरेवर हात ठेवून म्हणाल्या, "आमच्या सुनेचं अस्तर एक नंबर आहे!"

रात्री जेवताना त्यांनी माझ्या ताटात भाकरी वाढली आणि खाली बघत म्हणाल्या, "मागचं माझं बोलणं धरून ठेवू नकोस." मी म्हटलं, "वाढा अजून थोडी." तेवढंच आमचं बोलणं झालं.

*

आता शेवटचा.

दिवस भरले. कळा सुरू झाल्या. महेशने या वेळी खड्डा बघितला नाही, सिग्नल बघितला नाही. गाळ्यात कुणी कळवलं माहीत नाही, पण मला आत नेताना बघितलं तर लेबर रूमच्या दाराबाहेर सासूबाईंच्या एका बाजूला फिलूआंटी, हातात माळ, आणि दुसऱ्या बाजूला कुंदा, गळ्यात अजून टेप लटकलेली.

कळांचं मी सांगत नाही. ज्यांनी सोसल्यात त्यांना माहीत आहे, बाकीच्यांना सांगून कळणार नाही. शेवटी तो आवाज आला. रडण्याचा. खणखणीत!

नर्सने बाळ छातीवर ठेवलं. मुलगी! ओली, गरम, मुठी आवळलेली. मी तिच्या डोक्याला हात लावला. पाठीला लावला. बोटं बघितली, हाताची, पायाची. सगळं बघितलं. आणि तरी माझी मान वर उचललेली ती खाली टेकेना.

नर्स म्हणाली, "ताई, झालं ना आता. आराम करा."

मी म्हटलं, "वार आली?"

मॅडम तिकडे हातमोजे घालून उभ्याच होत्या. थोड्या वेळाने म्हणाल्या, "आली."

"पूर्ण आली?"

"तेच बघतेय. तुकडा आत राहिला तर रक्त थांबत नाही."

त्यांनी ती ट्रेमध्ये पसरली. लालभडक, जाड, खडबडीत. कडेकडेने बोट फिरवत गेल्या, हळूहळू, आम्ही शिवणीवरून फिरवतो तसं. मी कोपरावर उठले. नर्स दाबून धरायला आली.

"मॅडम, उलटवून बघा!"

मॅडमनी ती उलटवली. दुसरी बाजू गुळगुळीत, निळसर, नाळेपासून शिरा अशा पसरलेल्या, झाडाच्या फांद्यांसारख्या. मॅडमनी वारेला चिकटलेले पातळ पडदे उचलून दिव्यासमोर धरले, कुठे फाटलंय का ते बघायला. मग पुन्हा सुलटी. कुठेही तुकडा कमी नव्हता.

मॅडम माझ्याकडे वळल्या. ट्रे जवळ आणला. "चेकर बाई, तुम्ही सांगा."

मी बघितलं. घाई केली नाही. कड बघितली, मधला भाग बघितला. छातीवर लेक रडत होती, बाहेर महेश दार ठोठावत होता. "काय झालं? अहो, काय झालं? कुणीतरी सांगा!"

नर्सने दार किलकिलं केलं. "थांबा हो! चेकिंग चाललंय!"

महेशचं दार ठोठावणं थांबलं. फिलूआंटीची माळसुद्धा थांबली असणार.

मी मान खाली टेकली आणि म्हटलं, "पास."

नर्स काही न कळून दाराबाहेर ओरडली, "त्या म्हणतायत, पास!"

कुंदाची शिट्टी आली. आणि सासूबाईंचा गोंधळलेला आवाज, "पास? अगं, कोण पास झालं?"

त्यावर फिलूआंटी, हुंदके देत, हसत, सगळ्या दवाखान्याला ऐकू जाईल अशी:

"आंकल! दुसरं कोण!"